अंतराळ कमी करा

गुद्रुन वेबर हे नाव ऐकून जी गोरीपान जर्मन बाई डोळ्यांसमोर येते, तशी गुद्रुन दिसत नाही. यात तिचा काही दोष नाही. नाव आजीने ठेवलं, आडनाव आईचं आहे. वडील कर्टिस हॉलोवे, अमेरिकेतल्या ओहायोचे, काळे, सैन्यात रेडिओ दुरुस्त करणारे. हायडेलबर्गला अमेरिकन सैन्याचं ठाणं होतं त्या काळात ते इथे आले, शेजारच्या एपेलहाइममधल्या एका बेकरीवाल्याच्या मुलीच्या प्रेमात पडले आणि इथलेच झाले. पुढे ठाणं बंद झालं, सैन्य परत गेलं, कर्टिसकाका काही गेले नाहीत. बायको वारल्यावरही त्याच घरात राहिले आणि गावाबाहेर भाड्याने घेतलेल्या बागेच्या तुकड्यात कोलराबी लावत राहिले. कोलराबी म्हणजे आपला नवलकोल.

मी त्यांना काका म्हणते. जर्मन रिवाजाप्रमाणे हेर हॉलोवे म्हणायला हवं, पण मैत्रिणीच्या वडिलांना आडनावाने हाक मारायला माझी जीभ रेटत नाही. काकाचा अर्थ सांगितला तेव्हा ते इतके खूश झाले की पुढे फोनवर स्वतःच 'काका बोलतोय' म्हणायला लागले.

गुद्रुन विज्ञानकथा लिहिते आणि दुसऱ्यांच्या संपादित करते. तिची पहिली कादंबरी आली तेव्हा पुस्तकावर फोटो नव्हता. परीक्षणांत 'थंड, नेमकी, इंजिनियरची भाषा' असं कौतुक झालं, पुस्तक बरं खपलं. प्रकाशकाला हुरूप आला आणि दुसऱ्या पुस्तकावर त्याने मोठ्या हौसेने तिचा फोटो छापला. झालं! हात तोच, भाषा तीच, पण समीक्षकांना आता त्यात आफ्रिकन लोककथांची लय ऐकू यायला लागली. गोष्ट होती युरेनसच्या एका चंद्रावरच्या पंपिंग स्टेशनची. गुद्रुनने आफ्रिकेत पाऊलही ठेवलेलं नाही. तिसऱ्या पुस्तकाच्या मुखपृष्ठावर प्रकाशकाने बाओबाबचं, म्हणजे आफ्रिकेतल्या गोरखचिंचेचं, झाड टाकलं. पंपिंग स्टेशनवर झाड! ती भांड भांड भांडली. पुस्तक झाडासकट निघालं, झाडासकट पडलं, आणि प्रकाशक तिलाच म्हणाला की आपल्या वाचकांना काय हवंय हे तुम्हाला कळत नाही.

मग तिने स्वतःचं मासिक काढलं, 'हिंटरमोंड'. हिंटरमोंड म्हणजे चंद्रामागे. ज्याला जगाची खबर नाही त्याला जर्मन लोक चंद्रामागे राहतोस का असं विचारतात. लोक म्हणतातच, तर राहूया तिथे, असं गुद्रुनचं म्हणणं होतं. त्या मासिकामुळे आमची ओळख झाली.

मी क्रांती, मूळची नागपूरची, हायडेलबर्गच्या एका संस्थेत प्रथिनांवर संशोधन करते आणि उरलेल्या वेळात मराठीत विज्ञानकथा लिहिते. एक गोष्ट इंग्रजीत करून मी गुद्रुनला पाठवली होती. मोठं यान, दूरचा प्रवास, तीनशे माणसं, तात्त्विक चर्चा. तिने ती परत पाठवली आणि समासात एकच प्रश्न लिहिला: 'या तीनशे माणसांचे संडास कोण साफ करतं?' मी बाबासाहेबांच्या फोटोखाली वाढलेली बाई. मला हा प्रश्न दुसऱ्या कुणी विचारावा? दोन दिवस स्वतःवरच चिडून होते. मग गोष्ट मुळापासून पुन्हा लिहिली आणि ती माझी सगळ्यात चांगली गोष्ट झाली.

असे प्रश्न विचारून विचारून तिने कितीतरी लेखक घडवले. ते मोठ्या प्रकाशकांकडे गेले, बक्षिसं मिळवली, आभाराच्या पानावर न चुकता तिचं नाव छापलं. आभाराच्या पानावर घर चालत नाही. मासिक बंद पडलं. संपादक म्हणून तिला कुणी बोलवेना. काम मिळायचं ते एकाच प्रकारचं, सेन्सिटिव्हिटी रीडिंग. म्हणजे गोऱ्या लेखकाच्या कादंबरीत काळं पात्र आलं, की ते लेखकाच्या अंगाशी येणार नाही ना एवढं तपासून द्यायचं. कथानक ढिसाळ आहे, शेवट खोटा आहे, हे तिला दिसायचं, पण ते विचारलेलं नसायचं. 'मी आता संपादक नाही,' ती म्हणायची, 'मी धूर शोधणारं यंत्र आहे.'

या सगळ्यात ती एक कादंबरी लिहीत होती. नेपच्यूनच्या चंद्रावर एक रेडिओ स्टेशन आहे. कंपनी ते बंद करते, सगळे पृथ्वीवर परत जातात, एक रेडिओवाला राहतो. का राहतो, एवढीच गोष्ट. मी वाचली आहे. शेवटची पन्नास पानं मी ट्रॅममध्ये वाचली आणि माझा स्टॉप मागे गेला तरी उठले नाही. कादंबरीतलं अँटेनाचं सगळं गणित काकांनी तपासून दिलं होतं. पहिल्या पानावर फक्त 'पपासाठी' एवढंच होतं.

काका शहाऐंशी वर्षांचे होते. हे पुस्तक त्यांच्या हातात पडावं, ते असताना पडावं, एवढंच गुद्रुनला हवं होतं. मानमरातब, बक्षिसं, बाकी सगळं तिने केव्हाच सोडून दिलं होतं.

एका मोठ्या प्रकाशनसंस्थेतल्या लिंडनरबाईंनी हस्तलिखित वाचायला मागवलं तेव्हा आम्ही दोघींनी केक खाल्ला. जरा लवकरच खाल्ला. बाईंना भेटून आल्यावर गुद्रुन सरळ माझ्या स्वयंपाकघरात येऊन बसली.

"आल्झो," ती म्हणाली, "तर, त्यांना कादंबरी आवडलीय."

"मग तोंड का पाडलंयस?"

"आधी आत्मचरित्र द्या म्हणतात. जर्मनीत काळी मुलगी म्हणून वाढताना. ते चाललं की कादंबरी काढू."

"कादंबरी आत्ता का नाही?"

"काळ्या बाईने लिहिलेला रेडिओवाला कुठल्या कपाटात ठेवायचा, हे दुकानदारांना कळणार नाही म्हणे. आधी मी कोण आहे ते लोकांना कळू दे."

मला हसू आलं. आनंदाचं नव्हे. मला वासुदेवराव आठवले. वासुदेवराव पुण्याहून एक दिवाळी अंक काढतात, फार सज्जन माणूस. माझ्या दोन विज्ञानकथा त्यांनी छापल्या होत्या, तेव्हा मी नुसतं 'क्रांती' एवढंच नाव लावत होते. तिसरीच्या वेळी मानधनासाठी बँकेचा तपशील मागवला, त्यात आडनाव गेलं. आठवड्यात फोन आला.

"क्रांतीताई, गोष्ट छान आहे हो. पण यानबिन लिहिणारे आमच्याकडे ढिगाने आहेत. तुम्ही तुमचं लिहा ना. भोगलेलं. काहीतरी दाहक द्या."

हे मी गुद्रुनला सांगितलं. तिने विचारलं, "दाहक म्हणजे जळणारं की जाळणारं?"

"जाळणारं. पण वाचणाऱ्याला नुसती ऊब लागेल इतपतच."

"गेनाऊ! अगदी बरोबर!" तिने टेबलावर थाप मारली. "इथे त्याला शोनुंग्सलोस म्हणतात. कुणाची गय न करणारं. लिंडनरबाईंनी तीनदा म्हटलं."

आता माझ्या बाबांचं सांगायचं, तर ते नागपूरला टेलिफोन खात्यात होते आणि आयुष्य त्यांनी मजेत काढलं. शेजाऱ्याने नेलेली शिडी परत दिली नाही, हे दुःख त्यांनी निवृत्तीनंतरही जपलं. भोगलं नाही असं नाही. बाबांनी भोगलं, आजोबांनी तर विचारू नका. पण ते मी वासुदेवरावांच्या दिवाळीसाठी राखून ठेवलेलं नाही. मी दाहक दिलं नाही. म्हणून मला फार बाणेदार वगैरे समजू नका. त्यानंतर माझं कुठेही काही छापून आलेलं नाही, आणि मला संस्थेचा पगार आहे. गुद्रुनला कुणाचा पगार नव्हता, आणि तिच्या वडिलांचं वय वाढत होतं.

तिने आत्मचरित्र लिहायला घेतलं.

पहिला खर्डा मी वाचला आणि मला तिचा हेवा वाटला. काय बालपण होतं! गच्चीवर बापलेक तारा ओढून अँटेना लावताहेत, आई खालून ओरडतेय, दूरच्या कुठल्याशा देशाचा आवाज खरखरत येतोय आणि सात वर्षांची पोरगी ठरवते की हा चंद्रावरून येतोय. शाळेतलंही होतं. हात धरायला तयार नसलेल्या मुली, फळ्यासमोर उभं करून केसांबद्दल बोलणाऱ्या बाई. तेही खरंच होतं आणि तेही लिहिलं होतं, पण ते तिच्या आयुष्यात जेवढं होतं तेवढंच.

लिंडनरबाईंनी खर्डा परत पाठवला. समासात जागोजागी टिपा होत्या आणि गच्चीच्या प्रकरणावर मोठ्या अक्षरांत लिहिलं होतं: 'अंतराळ कमी करा.' शेवटच्या पानावर आणखी एक टीप होती: 'वडील थोडे मागे घेता येतील का? त्यांच्यामुळे दुःख पातळ होतं.'

"दुःख पातळ होतं!" मी म्हटलं. "आमटी आहे का ती?"

गुद्रुन हसली नाही. "मी खोटं एक अक्षर लिहिणार नाही," ती म्हणाली. "त्या कितीही म्हणोत. फक्त कापीन. कापणं हे माझं कामच आहे."

"किती कापशील?"

"कादंबरी निघेल एवढं."

दुसऱ्या खर्ड्यात गच्ची गेली होती, पण काका होते. एक प्रकरण तर मला पाठ झालं होतं. त्याची सुरुवात अशी होती: 'एका सकाळी मी उठले तेव्हा वडील घरात नव्हते. स्वयंपाकघरात त्यांचा कप थंड पडला होता.' पुढे पोरगी घरभर शोधते, घाबरते, रडायला येतं. आणि मग काका दारातून आत येतात. रात्री दंव गोठायला लागलं म्हणून ते बागेत नवलकोल झाकायला गेलेले असतात, आणि आल्या आल्या आपले गारठलेले हात तिच्या मानेत घालतात. पोरगी किंचाळते. मला हे वाचताना दर वेळी हसू यायचं.

तिसरा खर्डा तिने मला दाखवला नाही. मी मागितला तर म्हणाली, वेळ नाही, छापायला गेला. मला तेव्हा संस्थेत कामाचा डोंगर होता, मीही मागे लागले नाही. पुस्तक आलं ते तिच्या लहानपणच्या फोटोसकट. फोटो मी लगेच ओळखला, काकांच्या बैठकीत भिंतीवर आहे. तिथे गुद्रुनशेजारी काका आहेत. पुस्तकाच्या आकारात मावले नसतील, असं मला वाटलं.

हायडेलबर्गला जाहीर वाचन ठरलं. संध्याकाळी सातला, शहरातल्या एका चांगल्या सभागृहात. लिंडनरबाई स्वतः येणार होत्या. हे वाचन कसं होतं, हॉल किती भरतो, यावर कादंबरीचं बोलू, असं त्यांनी गुद्रुनला सांगितलं होतं.

"काकांना मी घेऊन येते," मी गुद्रुनला फोनवर म्हटलं.

"नको," ती म्हणाली. "गुडघे दुखतात त्यांचे. राहू दे."

आता इथे माझ्यातली नागपूरकर जागी झाली. आपल्याकडे 'राहू दे' म्हणजे काय? 'राहू दे, कशाला त्रास' असं पाहुणा म्हणाला, की आपण ताटात दुसरी पोळी वाढतो. जो खरंच राहू देतो तो माणूसघाणा. बारा वर्षं मी या देशात आहे, इथे नको म्हणजे नकोच असतं हे मला ऑफिसात बरोबर समजतं. पण हे ऑफिस नव्हतं. मुलीचं पुस्तक निघतंय आणि बाप घरी बसून टीव्ही बघतोय, हे माझ्या डोक्यात मावेना. आमच्याकडे पुस्तक निघालं की पहिल्या रांगेत आईबाप असतात. लेखकाच्या आधी त्यांना शाल देतात. मी ठरवलं की हिला भिडस्तपणा नडतोय, आपणच सरप्राइज द्यायचं. नागपूरहून आणलेली नवी शाल कपाटात होतीच.

काकांना फोन केला. त्यांनी आधी वार, वेळ, जागा पुन्हा विचारून घेतली. मग म्हणाले, "गुद्रुनने मला वार सांगितला नव्हता."

"तुमच्या गुडघ्यांची काळजी, काका."

"गुडघ्यांना काय झालंय?" ते म्हणाले. मी न्यायला गेले तेव्हा राखाडी सूट घालून दारात उभे होते. पुस्तक वाचलंत का, असं मी गाडीत विचारलं. गुद्रुन म्हणाली होती म्हणे की तुझी प्रत मागाहून देते, मोठ्या अक्षरांची येणार आहे.

हॉल खचाखच भरला होता. मी काकांना पहिल्या रांगेत मधोमध बसवलं आणि शाल त्यांच्या मांडीवर ठेवली. वाचन झालं की गुद्रुननेच ती त्यांच्या खांद्यावर घालावी असा माझा बेत होता. गुद्रुन मंचावर आली, खुर्चीत बसली, समोर पाहिलं आणि तिने माइक तोंडापासून दूर केला. मला वाटलं, वडिलांना बघून तिला भरून आलं. मीच डोळे पुसले. मूर्ख बाई!

सूत्रसंचालक तरुण होता, मऊ आवाजाचा. त्याने पुस्तक उघडलं आणि म्हणाला की ज्या परिच्छेदाने आपली झोप उडाली, तोच आता वाचतो.

"एका सकाळी मी उठले तेव्हा वडील घरात नव्हते. स्वयंपाकघरात त्यांचा कप थंड पडला होता."

मी हसायच्या तयारीत होते. आता ते येतील, गार हात मानेत घालतील. पण त्याने पुस्तक मिटलं. सबंध हॉलमध्ये एक लांब सुस्कारा पसरला. मी शेजारच्या बाईच्या मांडीवरची प्रत ओढलीच जवळजवळ, आणि पान काढलं. प्रकरण तिथेच संपत होतं. पुढच्या प्रकरणात गुद्रुन नऊ वर्षांची होती आणि शाळेत फळ्यासमोर उभी होती. मी पानं उलटत गेले. पुढे कुठेही काका नव्हते.

खोटं एक अक्षर तिने लिहिलं नव्हतं.

"त्या सकाळी तुम्ही वडिलांना गमावलंत," सूत्रसंचालक म्हणाला. "अजून राग येतो?"

गुद्रुनने काकांकडे पाहिलं नाही. "त्याबद्दल बोलणं कठीण आहे," ती म्हणाली. मागच्या रांगेत लिंडनरबाई बसल्या होत्या, त्यांनी रुमाल काढला.

मी काकांकडे बघायचं टाळत होते, पण बघितलं. ते ताठ बसले होते, दोन्ही हात शालीवर. त्यांना कानाचं यंत्र आहे. देवा, ते बंद असू दे, असं मी म्हटलं, आणि मी देव मानत नाही. यंत्र चालू होतं. गाडीत मीच त्यातली बॅटरी बदलून दिली होती.

पुढे प्रश्नोत्तरं झाली. लोक चांगले होते. सगळ्यांना वाईट वाटत होतं, आणि वाईट वाटून बरंही वाटत होतं. मग त्या सूत्रसंचालकाची नजर काकांवर गेली. सभागृहात मंचावर गुद्रुन आणि समोर काका, एवढीच दोन काळी माणसं. तो खाली उतरून आला, माइक घेऊन, अगदी अदबीने.

"क्षमा करा, तुम्ही पहिल्यापासून इतकं मन लावून ऐकताय. तुम्ही फ्राउ वेबरच्या घरचे का?"

मंचावर गुद्रुन उठून उभी राहिली. मला आजही वाटतं की ती सांगणार होती. तोंड उघडलं होतं तिने. कादंबरी गेली खड्ड्यात, हे माझे वडील, असं ती पुढच्या क्षणाला म्हणाली असती. पण काकांनी माइक हातात घेतला होता.

"नाइन, नाइन," काका म्हणाले. "मी शेजारी."

"म्हणजे तुम्ही वडिलांना ओळखत होता?"

काकांनी विचार केला. "हो. रेडिओ दुरुस्त करायचा."

"कसे होते?"

"बरा माणूस होता," काका म्हणाले. "पोरीवर जीव होता त्याचा."

सूत्रसंचालकाने हात छातीवर ठेवला. टाळ्या झाल्या. गुद्रुन खाली बसली.

त्यानंतर सह्यांसाठी रांग लागली. मी काकांना म्हटलं, चला, गाडीत बसू. ते ऐकेनात. त्यांनी टेबलावरची एक प्रत विकत घेतली आणि रांगेत उभे राहिले, काठी टेकून, इतरांसारखे. गुद्रुनशेजारी लिंडनरबाई उभ्या होत्या. काकांचा नंबर आला तेव्हा गुद्रुनने मान वर केली.

"कुणाच्या नावाने देऊ तुम्हाला?" तिने विचारलं. 'झी' म्हणाली ती. परक्या माणसाशी बोलतात तसं, अहो-जाहो. जन्मापासून ज्याला तू म्हटलं त्या बापाला.

"कर्टिससाठी," काका म्हणाले. "प्लीज."

तिने लिहिलं. मी तिथून निघून गाडीकडे गेले. रांगेत उभं राहताना काकांनी माझ्याकडे दिलेली शाल तशीच पिशवीत होती.

परत जाताना गुद्रुन मागच्या सीटवर होती, काका माझ्या शेजारी. एपेलहाइमचा पूल आला. मग काका पुढेच बघत म्हणाले, "हॉल भरला होता."

"हो, पपा."

"मग आता ती चंद्रावरची येईल ना?"

"येईल, पपा."

"मग ठीक आहे," ते म्हणाले. मागून गुद्रुनचा रडण्याचा आवाज येत होता आणि काकांनी हात वर करून आपलं कानाचं यंत्र बंद केलं.

आत्मचरित्राच्या आवृत्त्यांवर आवृत्त्या निघाल्या. शाळांतून बोलावणी आली. एकदा तर एका वर्तमानपत्राने तिला 'एका हरवलेल्या पित्याची शोकगाथा लिहिणारी' म्हटलं, आणि तो हरवलेला पिता त्या दिवशी माझ्याकडे भाकरी-पिठलं खाऊन गेला. जूनमध्ये लिंडनरबाईंचं उत्तर आलं. गुद्रुनने मला बागेत बोलावलं. काका वाफ्याशी स्टुलावर बसून तण उपटत होते. ती त्यांच्या देखतच मला सांगायला लागली, हळू आवाजात.

"कादंबरी काढत नाहीयेत."

"का? हॉल भरला, आवृत्त्या निघाल्या, आता काय हवंय त्यांना?"

"वाचक आता मला ओळखतात म्हणे. सगळे निघून गेल्यावर मागे राहणारा माणूस माझ्या हातून त्यांना अस्सल वाटणार नाही. माझे वडील तर सोडून गेले ना."

 शिवी सुचली, ती मराठीत होती, मी दिली.

"त्याऐवजी दुसरं पुस्तक हवंय," ती पुढे म्हणाली. "वडिलांचा शोध. मी ओहायोला जायचं, त्यांची माणसं शोधायची, माग काढायचा. तिकीट, हॉटेल, सगळं ते देतील. त्यानंतर कादंबरीचा विचार करू, असंही लिहिलंय." गुद्रुनने आयुष्यभर संपादकाचं काम केलं आहे. 'विचार करू'चा अर्थ तिला कुणी समजावून सांगायला नको होता.

"काय म्हणतात?" काकांनी वाफ्यातून विचारलं.

गुद्रुन त्यांच्याजवळ जाऊन खाली बसली. "तुला शोधायला सांगतायत, पपा. ओहायोला."

काकांना आधी वाटलं चुकीचं ऐकलं. तिने पुन्हा सांगितलं, जोरात. बाजूच्या बागेतल्या बाईने मान वर करून बघितलं.

"सापडलो तर पुस्तक होईल?" काकांनी विचारलं.

"नाही. तू सापडला नाहीस तरच."

काकांनी हातातलं तण बादलीत टाकलं.  "आणि ती चंद्रावरची?" त्यांनी विचारलं. गुद्रुनने नुसती मान हलवली. त्यांनीही हलवली, आणि पुन्हा वाफ्याकडे वळले.

मी गुद्रुनला सांगून पाहिलं की नाही म्हण. कादंबरी आपण दोघी छापू, शंभर प्रती काढू, काकांना एक देऊ. ती म्हणाली, त्यांना फोटोकॉपी केव्हाच दिली आहे, प्रश्न तो नाही. दुकानाच्या खिडकीत त्यांना ते पुस्तक दिसायला हवं होतं. आता तिला रीडिंगची कामंही येत नव्हती, कारण आता ती लेखिका झाली होती. तिने करारावर सही केली.

ऑक्टोबरमध्ये ती ओहायोला गेली. वडिलांच्या शोधात निघालेल्या गुद्रुनला फ्रँकफुर्टच्या विमानतळावर सोडायला मी गाडी काढली होती, आणि माझ्या शेजारी कर्टिसकाका बसले होते. तिची जड बॅग गाडीतून त्यांनीच उतरवली.